एकतीस मरणं आणि पाच पुड्या मीठ

हात्सुए मिनागावा आजवर एकतीस वेळा मेली आहे, आणि मला माझी आई एकदाही मरू देत नव्हती.

हे वाक्य मी वर्गात मोठ्याने म्हटलं तेव्हा आमच्या काउन्सेलर मॅम धावत आल्या होत्या. म्हणून आधीच सांगते. मरायचं म्हणजे नाटकात. स्टेजवर, पांढऱ्या चादरीखाली, चार मिनिटं. नंतर उठून भूत व्हायचं. एवढंच!

हात्सुए मिनागावा ही जपानी नटी. वय एकाहत्तर, सिनेमे त्रेचाळीस. मी तिला हात्सुएसान म्हणते, कारण जपानी लोक आदराने नावामागे 'सान' लावतात. आई तिला 'तुझी ती जपानी हडळ' म्हणते.

तिची सुरुवात कशी झाली ते ऐका. एकोणीस वर्षांची असताना ती एका फुटकळ स्टुडिओत कपड्यांना इस्त्री करायची. तिथे एका भुताच्या सिनेमात प्रेताचं काम करणारी नटी सारखी शिंकत होती. थंडीचे दिवस, खाली ओली चटई, सात टेक फुकट गेले. डायरेक्टर वैतागून ओरडला, "इथे कुणाला न शिंकता मरता येतं का?" इस्त्रीवाल्या मुलीने हात वर केला. अकरा मिनिटं ती अशी पडून राहिली, की शेवटी कॅमेरामनने तिच्या नाकाशी बोट धरून बघितलं. खलास! पुढची वीस वर्षं त्या स्टुडिओत जो कुणी मेला, तो म्हणजे हात्सुएसान. शिवणयंत्रात अडकलेला आत्मा ती. महाकाय गोगलगायीखाली चिरडलेली टेलिफोन ऑपरेटर ती. बर्फात गोठून मेलेली आणि तरी रोज हजेरी घेणारी शाळामास्तरीण पण तीच. टीव्हीवर मुलांच्या मालिकेत परग्रहावरची राणी होती आणि दर शुक्रवारी रोबोंकडून मार खायची.

मग चाळिशी आली आणि कामं बंद. भुतं तरुणच लागतात म्हणे. (हे लॉजिक मला अजून कळलेलं नाही. भुताचं वय वाढतं का?) बारा वर्षं तिने लोणच्यांचं दुकान चालवलं. एके दिवशी मुळ्याचं लोणचं घ्यायला एक नवी डायरेक्टर बाई आली, काउंटरमागचा चेहरा बघून तिच्या हातातली पिशवीच पडली. पुढच्या वर्षी हात्सुएसान वृद्धाश्रमातलं भूत झाली, आणि त्या सिनेमाने ती जगभर पोचली. आमच्या दुबईतल्या, करामा भागातल्या वन बेडरूममध्येसुद्धा, फिझाच्या लॅपटॉपवरून.

फिझा माझी जिवलग मैत्रीण. मूळची रत्नागिरीची, राहते आमच्या समोरच्या दारात. आम्ही तो सिनेमा बघितला तेव्हा मी नववीत होते, आणि वर्गात 'प्रेझेंट मॅम' म्हणतानासुद्धा माझा आवाज बाकाखाली जायचा. सिनेमानंतर हात्सुएसानची मुलाखत होती. ती म्हणाली, "किंचाळायच्या आधी तोंड उघडू नका. कान उघडा. काहीतरी खरंच ऐका. किंचाळी आपोआप येते."

मी बाथरूममध्ये गेले, दार लावलं आणि एक्झॉस्ट फॅन ऐकला. नीट ऐकला. त्याच्या आत काहीतरी घासत होतं. आणि मग जी किंचाळी आली ना! वरच्या मजल्यावरच्या मल्याळी आंटी खाली आल्या, वॉचमन वर आला, आई हातात लाटणं घेऊन आली. मी दार उघडलं आणि म्हटलं, "सॉरी, ती मी होते." आणि मला इतकं छान वाटलं! ती मी होते! एवढा मोठा आवाज माझा होता! त्या दिवसापासून मी वर्गात प्रश्न पूर्ण व्हायच्या आधी हात वर करते. उत्तर येत नसलं तरी.

तर नाटक. दुबईतल्या मराठी मंडळांची एकांकिका स्पर्धा होती आणि आमचे दिग्दर्शक होते समाधानकाका. ते दिवसभर एका टॉवरच्या साइटवर सेफ्टी ऑफिसर असतात आणि तालमीला तेच चमकणाऱ्या पट्ट्यांचं जॅकेट घालून येतात. एकांकिकेचं नाव 'जागा नाही'. एका खोलीत सहा माणसं राहत असतात, त्यात त्यांची एक भाचीची भाची पहिल्याच प्रवेशात मरते, आणि मग तिच्या भुताला झपाटायला घरात कोपराच शिल्लक नसतो. शेवटी भूत ओट्याखाली, सिलिंडरशेजारी राहतं. भाचीच्या भाचीसाठी काकांनी मला निवडलं. मी दोन वर्षांपूर्वी मंडळाच्या नाटकात दिव्याचा खांब होते. आणि आता मेन रोल!

आईने संहिता वाचली आणि पहिल्या पानावरच बोट ठेवलं.

"भूत हो, हडळ हो, काय व्हायचं ते हो. पण ही चादर घेऊन पडायचं नाही. जित्या माणसाने मेल्याचं सोंग घेऊ नये."

"का पण?"

"केरूला विचार."

केरूमामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ. तेरा वर्षांचा असताना त्याने गावच्या जत्रेतल्या नाटकात प्रेताचं काम केलं, आणि आठव्या दिवशी त्याला कावीळ झाली. दोन महिने उसाच्या रसावर होता. आज केरूमामा शंभर किलोचा आहे आणि पनवेलला त्याची टाइल्सची दोन दुकानं आहेत. मी लगेच व्हिडिओ कॉल लावला.

"मनाली, अगं त्या वर्षी कावीळ आख्ख्या गावाला झाली होती," मामा हसत म्हणाला. "पाणी खराब होतं."

आई मागून म्हणाली, "आख्ख्या गावाला झाली. पण सुरुवात कुणापासून झाली?"

मामाने फोन ठेवला. 

समाधानकाका घरी येऊन दोन कप चहा पिऊन गेले, तरी उपयोग झाला नाही. जाताना म्हणाले, "सगुणावहिनी, शनिवारी संध्याकाळी सात वाजता तालीम. तोपर्यंत तुमचा होकार हवा, नाहीतर रोल विनिताला. आपला साइटचा नियम आहे. नो परमिट, नो वर्क."

विनिता! शारजात रोल्लाला राहते. किंचाळते प्रेशर कुकरसारखी. एक शिट्टी, मग थांबून तश्शीच दुसरी शिट्टी. माझ्या भाचीच्या भाचीचं ती वरणभात करून टाकणार होती. मी दोन दिवस जेवताना कुणाशी बोलले नाही. कुणाच्या लक्षात आलं नाही हा भाग वेगळा, कारण बाबा डबल ड्युटीवर होते आणि आई मालिका बघत होती.

आणि मग गुरुवारी फिझा दार न वाजवताच आत घुसली.

"येतेय! ती येतेय! दुबईला! शनिवारी!"

"कोण?"

"तुझी अम्मा! हात्सुए!"

पॉप कल्चरची मोठी जत्रा भरते ना, कॉमिक्स, सिनेमे, वेशभूषा वगैरे, तिथे हात्सुएसान पाहुणी म्हणून येणार होती. स्टेजवर गप्पा आणि नंतर सह्या. मी आणि फिझा एकमेकींना धरून इतक्या उड्या मारल्या, की खालच्या मजल्यावरून झाडू ठोकल्याचा आवाज आला. मग फिझाने बारीक अक्षरं वाचली. सोळा वर्षांखालच्या मुलांबरोबर पालक हवेत. आम्ही दोघी पंधरा. बाबा साइटवर. फिझाची अम्मी शहनाझखाला शनिवारी क्लिनिकमध्ये. उरलं कोण?

"तिकीट केवढ्याचं?" आईने विचारलं.

"एकशे वीस दिरहम."

"म्हणजे पावणेतीन हजार रुपये. हडळ बघायला?" आई भेंडी चिरत होती. ती थांबली. सुरी हवेतच. "एकतीस वेळा मेली म्हणतेस ना ती?"

"हो."

"मग मी येते. मी स्वतः विचारते तिला, एवढ्या मरणांनी घरात काय काय झालं. काही वाईट झालं नाही म्हणाली, तर तू पण मर, मी अडवणार नाही. पण काही झालं असेल, तर विषय बंद. परत चादरीचं नाव काढायचं नाही. कबूल?"

मी फिझाकडे बघितलं. फिझाने डोळे मोठे केले. मी म्हटलं, "डील."

शुक्रवारी आईने करामाच्या भाजीवाल्याकडून नारळ आणला. चांगला, शेंडीवाला.

"हे कशाला?"

"सत्तरीच्या बाईला रिकाम्या हाताने भेटायचं? नवरा आहे का गं तिला?"

"आई, तिने सात नवरे मारलेत."

"सिनेमात नाही. घरी!"

शोधलं. लग्नच केलेलं नव्हतं. आईने जरा विचार केला. "मग ओटी नको. नुसता नारळ आणि खण. मान म्हणून."

शनिवारी सकाळी हॉलच्या दाराशी एक टेबल होतं. लोक आपापली शस्त्रं घेऊन रांगेत उभे होते. थर्माकोलच्या तलवारी, प्लास्टिकच्या बंदुका, पुठ्ठ्याची कुऱ्हाड. टेबलावरची फिलिपिनो ताई प्रत्येक वस्तू दाबून बघायची आणि नारिंगी पट्टी बांधून सोडायची. आमचा नंबर आला. तिने आईची पिशवी उघडली.

"मॅम, व्हॉट इज धिस?"

"कोकोनट."

"प्रॉप?"

"नो प्रॉप," आई म्हणाली. "रिस्पेक्ट."

ताईने नारळ दाबून बघितला. दबला नाही. तिने सुपरवायझरला बोलावलं. त्याने नारळ हातात तोलला, फेकल्यासारखं केलं, तोंड वाकडं केलं. मागे रांग वाढत होती. फिझा हळूच म्हणाली, "लिटरली हेच इथलं एकमेव खरं शस्त्र आहे." शेवटी नारळ कुणावर उगारणार नाही असं आईकडून कबूल करून घेतलं आणि पट्टी बांधायला घेतली. पण नारळाला पट्टी बांधणार कुठे? घसरते! ताईने दोनदा प्रयत्न केला. मग आईनेच तिच्या हातातून पट्टी घेतली आणि शेंडीला बांधून दिली.

आत गेल्यावर तर कहर झाला. आई पैठणी नेसून आली होती, केसांत गजरा, हातात नारिंगी पट्टीवाला नारळ. दहा पावलांवर एक निळ्या केसांचा मुलगा समोर आला आणि आदराने म्हणाला, "मॅम, अमेझिंग कॉस्च्युम. कोणतं कॅरेक्टर?"

फिझा म्हणाली, "सगुणा. द मदर. व्हेरी पॉवरफुल."

"कॅन आय टेक अ पिक्चर?"

पहिल्या फोटोला आई लाजली. तिसऱ्याला तिने पदर नीट केला. सातव्याला तिने नारळ पुढे धरला आणि भुवई वर केली. मी म्हटलं, "आई, यल्ला, उशीर होतोय," तर म्हणते कशी, "थांब गं, तो लांडगा केव्हाचा उभा आहे."

आणि मग हात्सुएसान स्टेजवर आली.

मला वाटलं होतं ती उंच असेल. ती आईच्या खांद्याला लागेल एवढीशी होती. बदामी रंगाचं स्वेटर, चपटे बूट, एका कानात ऐकायचं यंत्र. ती चालली तेव्हा आवाज आला नाही. अजिबात. माझ्या अंगावर काटा आला आणि शेजारी आई कुजबुजली, "अगं, ही तर बँकेत पासबुक भरायला आलेल्या बाईसारखी दिसते."

शेजारी एक दुभाषी बाई बसली होती. हात्सुएसान जपानीत बोलायची, ती मऊ आवाजात भरभर इंग्रजीत सांगायची. गोगलगायीची गोष्ट झाली, लोणच्यांची झाली. मग प्रश्न विचारायला सांगितलं, आणि माझ्या आधी आईचा हात वर. बांगड्यांसकट. माईक आला.

"मी मराठीत विचारते," आई मला म्हणाली. "तू सांग त्यांना."

मी उभी राहिले. आख्खा हॉल. दोन वर्षांपूर्वी मी तिथेच खांब झाले असते.

"नमस्कार," आई म्हणाली. "मी सगुणा. तुमच्यापायी माझी मुलगी मरायला निघाली आहे."

मी इंग्रजीत सांगितलं. हॉल एकदम गार. "ऑन स्टेज!" मी ओरडले. "इन अ प्ले!" सगळे हसले.

"तुम्ही एकतीस वेळा मेलात. तुमच्या आईने कसं मरू दिलं? आणि त्यापायी घरात काही वाईट झालं का? खरं खरं सांगा."

दुभाषी बाईने सांगितलं. हात्सुएसानने हात कानामागे नेला, तसाच ठेवला, आणि आईकडे बघत राहिली. मग बोलायला लागली. खूप वेळ. दुभाषी बाईचं इंग्रजी सुरू झालं आणि तिसऱ्या वाक्याला मला कळलं, आपलं डील बोंबललं.

आईला दुकानातलं, दवाखान्यातलं इंग्रजी येतं. हे भरभर मऊ इंग्रजी तिला कळलं नाही. तिने मला ढोसलं. "काय म्हणाली?"

फिझाने दुसऱ्या बाजूने माझ्या पायावर पाय दिला. फिझाचा पाय काय म्हणत होता ते मला स्वच्छ कळलं. सांग, काही झालं नाही म्हणाली. तीन शब्द. संध्याकाळी सात वाजता मी चादरीखाली. कुणाला कळणार होतं?

मी तोंड उघडलं. आणि वर बघितलं, तर हात्सुएसानचा हात अजून कानामागेच होता. तिला मराठीचा म सुद्धा येत नव्हता आणि तरी ती माझं ऐकायला थांबली होती. पूर्ण. बाथरूममधला तो पंखा मी ऐकला होता ना, तसं. इतकं ऐकणाऱ्या माणसासमोर खोटं बोलता येत नाही हो. मी करून बघितलं. नाही आलं.

"ती म्हणाली," मी सुरुवात केली, "तिची आई म्हणायची, जिवंत माणसाने मेल्याचं सोंग घेऊ नये."

"बघ!" आईने मांडीवर थाप मारली.

"तिच्या आईने तिचा एकही सिनेमा बघितला नाही. आणि घरात वाईट झालं. वडील गेले. भावाचं दुकान जळालं. तिला स्वतःला दोनदा न्यूमोनिया झाला. पण... पण ती म्हणाली, शेजारच्या घरातही हे सगळं झालं, आणि शेजारी तर बँकेत होते."

आईला 'सुरुवात कुणापासून झाली' हे विचारायची सोय राहिली नव्हती.

"आणि प्रत्येक वेळी मरून घरी आली, की आई तिला दारातच उभं करायची. मूठभर मीठ तिच्या अंगावर टाकायची, मगच आत घ्यायची. चिडून टाकायची, पण टाकायची. सव्वीस वेळा टाकलं. मग आई गेली. शेवटची पाच मरणं तिने स्वतःच स्वतःवर मीठ टाकलं. ती म्हणाली, आपलं आपण टाकलेलं मीठ नीट पडत नाही. पाठीपर्यंत पोचत नाही."

आईने माईक परत दिला आणि खाली बसली. वाईट झालं का? झालं. ती स्वतः म्हणाली होती. डील म्हणजे डील. मला समोर विनिता दिसायला लागली, शिट्टीसकट.

"यू आर सो स्टुपिड," फिझा म्हणाली आणि माझा हात घट्ट धरला.

गप्पा संपल्या, आम्ही सह्यांच्या रांगेत उभ्या राहिलो, आणि बघतो तर आई गायब. पैठणीतली आई त्या गर्दीतसुद्धा दिसेना म्हणजे बघा. दहा मिनिटांनी फिझाने दाखवलं. फ्रेंच फ्राइजच्या स्टॉलवर आई काउंटरवाल्याशी हुज्जत घालत होती. परत आली ती मूठ आवळून. मूठ उघडली. आत मिठाच्या पाच छोट्या पुड्या.

"फ्राइज?"

"फ्राइज कशाला? मीठ हवं होतं. देतच नव्हता मेला."

"आई, काय करणार आहेस तू?"

"पाच राहिलीत ना त्या बाईंची," आई म्हणाली.

टेबलाशी पोचलो. हात्सुएसानच्या हातात पेन होतं. आईने समोर खण ठेवला, त्यावर नारळ. हात्सुएसानने नारिंगी पट्टीकडे बघितलं, मग नारळ दोन्ही हातांनी उचलला, यंत्राच्या कानाशी नेला आणि हलवला. डोळे मिटून आतलं पाणी ऐकलं. मग हसली.

"अगंबाई, नारळ पारखता येतो यांना!" आई खूष.

मग तिने पहिली पुडी फाडली, मूठ केली आणि टेबलाला वळसा घालून थेट हात्सुएसानसमोर उभी राहिली. एक स्वयंसेवक धावला. "मॅम, मॅम, प्लीज, बॅक टू द लाइन..."

"दोन मिनिट, हबीबी. रिस्पेक्ट."

मी दुभाषी बाईला घाईघाईने सांगितलं. पाच मरणं. मीठ. पाठीपर्यंत. दुभाषी बाईने सांगितलं आणि हात्सुएसानचं हसू थांबलं. ती उठून उभी राहिली, पेन ठेवलं, मान खाली घातली. आईने मूठ तिच्या डोक्यावरून ओवाळायला सुरुवात केली. "आल्यागेल्याची, पाप्याची, चांडाळाची, भुताखेताची..." इथे अडखळली, कारण भूतखेत तर समोरच उभं होतं. मग तिने नवीन घातलं, "कॅमेऱ्याची, डायरेक्टरची, तिकीट काढून बघणाऱ्यांची, दृष्ट लागली असेल ती जळून जाऊ दे."

पण जाळायचं कुठे? घरी असतो तर गॅसवर टाकलं असतं. आई मूठ घेऊन इकडेतिकडे बघायला लागली. हात्सुएसानने स्वतःच्या खांद्यावर थोपटलं. इथे टाका.

"आमच्यात अंगावर नाही टाकत, ओवाळून टाकतात."

दुभाषी बाई म्हणाली, त्यांच्यात ओवाळत नाहीत, अंगावरच टाकतात.

 मागे रांग, रांगेत तीन लांडगे आणि एक रोबो. मग आई म्हणाली, "बरं. दोन्ही करू." आणि पाचही वेळा तिने ओवाळलं आपल्या पद्धतीने आणि टाकलं त्यांच्या. उजवा खांदा, डावा खांदा, आणि प्रत्येक वेळी मागे जाऊन पाठीवर. शेवटची पुडी झाली तेव्हा हात्सुएसानच्या बदामी स्वेटरवर पांढरे कण चमकत होते आणि तिचे डोळे ओले होते. आईचेही. माझं काही विचारू नका.

आई नमस्काराला वाकली, नेमकी तेव्हाच हात्सुएसान जपानी पद्धतीने वाकली. टक्! कपाळावर कपाळ. आख्खी रांग "ऊऽऽ" म्हणाली. आईने कपाळ चोळलं, आणि मग हात्सुएसानचं डोकं दोन्ही हातांत धरून पुन्हा एकदा हळूच आपटलं.

"आई!"

"मग? एकदाच आपटलं तर शिंगं येतात."

हात्सुएसानला वाटलं हा विधीचाच भाग आहे. तिने पुन्हा वाकून आभार मानले, आणि माझ्या वहीवर सही केली. खाली जपानीत एक ओळ लिहिली. दुभाषी बाईने वाचून दाखवली, 'मरताना आधी ऐक.'

मेट्रोत आई खिडकीबाहेर बघत होती. मी तीन स्टेशनं वहीवरची सही बघत बसले. 

"किती वेळ पडायचं असतं गं?" तिने विचारलं.

"चार मिनिटं."

"चादर तोंडावरून?"

"नाही. गळ्यापर्यंत."

 मग आई ठणकावून म्हणाली, "ठीक आहे. मर. पण चार मिनिटंच. आणि मी समोर असताना मरायचं."

समोर हेल्मेट मांडीवर घेऊन एक कामगार बसले होते. ते दचकून पुढे झाले. "ताई, लेकराला असं बोलू नये वो. दहावीला मार्क कमी पडले का? पडत्यात. आमच्या सांगोल्यात निम्मी पोरं नापास हायत."

आमचं स्टेशन येईपर्यंत आईने त्यांना सगळं सांगितलं. केरूमामाच्या काविळीसकट. आम्ही उतरलो तेव्हा ते दारातून ओरडले, "मग झकास मर गं पोरी!"

सातला पाच कमी असताना आम्ही तालमीच्या हॉलवर पोचलो. विनिता आधीच आली होती, घरून इस्त्री केलेली पांढरी चादर घेऊन. "ओह," ती म्हणाली, "परमिट मिळालं?"

"मिळालं," आई म्हणाली. तिच्या काखेत खालच्या किराणा दुकानातून घेतलेला मिठाचा एक किलोचा पुडा होता.

समाधानकाकांनी घड्याळ लावलं. मी आडवी झाले, विनिताचीच चादर गळ्यापर्यंत ओढली, डोळे मिटले आणि ऐकायला लागले. एसी घरघरत होता. काकांचं जॅकेट सळसळत होतं. विनिता च्युइंगम चावत होती. आणि डावीकडे, विंगेत, मिठाचा पुडा फाटला.

दोन मिनिटं. अडीच. मग पावलं, बांगड्या, आणि सर्रकन मीठ! माझ्या कपाळावर, ओठांवर, आणि एक कण थेट नाकात.

"सगुणावहिनी!" काका ओरडले. "सीन चालू आहे!"

"मला बघवेना हो!"

"घड्याळ चालू आहे! कुणी हलू नका!"

नाकातला कण वर वर सरकत होता. विनिताचं च्युइंगम थांबलं. ती वाट बघत होती, मला माहीत होतं. ओली चटई, सात टेक, शिंकणारी ती बिचारी नटी, जिचं नाव आज कुणालाच ठाऊक नाही. मी कान उघडले. जवळच आईचा श्वास ऐकू येत होता. अडखळत, धावत आल्यासारखा. मी तोच ऐकत राहिले. दुसरं काही नाही. शिंक आली, नाकाच्या शेंड्यावर बसली, आणि तिथेच थांबली.

कुणीतरी वाकलं. माझ्या नाकाशी एक बोट आलं.

"काय हो?" आईचा आवाज बारीक झाला होता. "आहे ना ती?"

"चार मिनिटं," समाधानकाका म्हणाले. "कट."

आणि मी शिंकले. अशी शिंकले, की चादर उडाली, मीठ उडालं, काका मागे सरकले.

"शतंजीव!" आई म्हणाली.